मांडवकराचं घर

खोपट, ठाणे
१२ जानेवारी २०२५

ती. दादा,

पाया पडते. पोस्टमनने पाकीट दिलं तेव्हा वहिनीला वाटलं असेल, आमच्या वकिलाची आणखी एक नोटीस आली. नोटीस नाही, मी आहे. ठाण्याहून ठाकुर्लीला पत्र टाकणारी आजच्या काळात मी एकटीच वेडी असेन. पण फोनवर बोलायची सोय आपल्या माणसांनी ठेवली नाही. डिसेंबरात तू मला म्हणालास, 'सहदेवरावांना सांग, मेलो तरी हॉलची किल्ली देणार नाही.' ते बोलणं यांच्या पुतण्याने, पंढरीने, माझ्या फोनमधून काढलं आणि वकिलाला दिलं. माझा फोन सगळी बोलणी आपोआप साठवून ठेवतो, हे मला ठाऊकच नव्हतं. तुझ्याविरुद्धचा पहिला पुरावा माझ्या पर्समधून गेला, दादा. त्या दिवसापासून मला जेवण गोड लागत नाही.

म्हणून आता पत्र. मला लिहिशील ते शिवणक्लासच्या पत्त्यावर लिही. तिथल्या बाई माझ्या मैत्रीण आहेत, पाकीट फोडत नाहीत.

हे भांडण मी एकदा कागदावर मांडून बघते, म्हणजे मलाच कळेल. पाचवणे ग्रामस्थ मंडळ, आपल्या बाबांनी काढलेलं. ठाकुर्लीला तळमजल्यावर एक हॉल, त्यात सतरंज्या, मोठी पातेली आणि भजनाची पेटी. अध्यक्ष धोंडीबाकाका गेल्या पावसाळ्यात वारले. मग ऑक्टोबरात एकाच रविवारी दोन सभा झाल्या. तुझी हॉलमध्ये, यांची इथे खोपटला शाळेच्या वर्गात. त्या सभेने तुला अध्यक्ष केलं, या सभेने यांना. एका मंडळाला दोन अध्यक्ष आणि दोन्ही माझेच, एक माहेरचा, एक सासरचा. अडकित्त्यात सुपारी असते ना, तशी मी झाले आहे.

बाबांनी मला गावातच दिली, शिगवणांच्या वाडीतून मांडवकरांच्या वाडीत. का, तर लेक हाकेच्या अंतरावर राहावी. त्यांना काय माहीत.

आई कशी आहे? तिला हे काही कळू देऊ नकोस. मला तिच्याबद्दल लिही, मंडळाबद्दल नको.

तुझी,
रतन


ठाकुर्ली
२१ जानेवारी

चि. रतन,

आशीर्वाद. पत्र मिळालं. फोनचं मनाला लावून घेऊ नकोस, ती करामत तुझी नाही हे मी जाणतो.

आईची तब्येत वयाच्या मानाने ठीक आहे. सकाळी गॅलरीत खुर्ची टाकून ऊन खाते. ऐकू कमी येतं, पण नको ते बरोबर ऐकू येतं. काल मला म्हणाली, 'मारुती, तुझं नि जावयाचं काय बिनसलं?' मी म्हटलं, काही नाही. त्यावर म्हणाली, 'मग रतन संक्रांतीला का नाही आली?' मी पेपरात डोकं घातलं.

मंडळाबद्दल नको म्हणतेस, पण तुला माझी बाजू कळली पाहिजे. आपल्याकडे माणसं मोजत नाहीत, घरं मोजतात. वर्गणी घराची, पत्रिका घराला, सभेत हातही घराचा एकच. घरातला कर्ता तो वर करतो. बाबांनी हे घालून दिलं. भावोजी म्हणतात, घटनेत सभासद लिहिलेत, घर नाही, तेव्हा प्रत्येकाचं मत वेगळं मोजा. असं मोजलं तर ज्यांची पोरंबाळं जास्त, मंडळ त्यांचं.

बाबांनी मंडळ कशासाठी काढलं तेही विसरू नये. गावचा भगवान रेडीज डोंबिवलीत चाळीत वारला, तेव्हा त्याला उचलायला गावचे चार खांदे मिळाले नाहीत. बाबांना ते कळलं दुसऱ्या दिवशी. तेव्हापासून नियम. पाचवण्याचं माणूस इथे गेलं की अध्यक्षाने निरोप फिरवायचा आणि घरटी एकाने यायचंच. आजवर एकाही मयताला आपल्याला परका खांदा लागलेला नाही. हे मी मोडू देणार नाही.

कल्याणच्या कोर्टात दावा दाखल केला आहे. न्याय होईल.

दादा


खोपट
२ फेब्रुवारी

ती. दादा,

तुझ्या न्यायाला माझा नमस्कार. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, हे तूच प्रशांतला सांगायचास, त्याचं स्कूटरचं प्रकरण झालं तेव्हा. मुलाला सांगितलेलं बापाला लागू नसतं वाटतं.

घर नि माणूस हे मला समजलं. यांच्या मते मला स्वतःचा हात आहे आणि तो मी वर करावा. तुझ्या मते माझा हात यांच्या हातात आहे. पण 'रतन, तुला कोण अध्यक्ष हवा?' असं दोघांपैकी एकानेही विचारलेलं नाही. विचारलंत तर सांगेन, दोघेही नकोत. भगवंताचं नाव घ्यायला पेटी वाजवता येणारा कोणीही चालेल.

थट्टा सोडते. हे वाईट माणूस नाहीत दादा, तू त्यांना माझ्याआधीपासून ओळखतोस. पण आता सकाळचा चहा झाला की वकिलाचा फोन येतो आणि दिवसभर तेच. परवा मी म्हटलं, तुम्ही दोघेही बाजूला व्हा, नवीन पोरांना करू दे. तर म्हणाले, 'आधी तुझ्या भावाला सांग.' तू म्हणशील आधी त्यांना सांग. म्हणजे आधी कोणी व्हायचंच नाही.

आईला सांग, रतनला शिवणक्लासचं काम आहे, ते उरकलं की येते. खोटं आहे, पण चालेल. तुझ्या दारात येऊन कोणाची बाजू घेतली असं व्हायला नको म्हणून थांबले आहे. हे थोडं निवळलं की चार दिवस राहायलाच येईन. तिचे केस विंचरायला वहिनीला वेळ मिळत नसेल. नारळाचं तेल मी घेऊन येईन.

तुझी,
रतन


ठाकुर्ली
२६ फेब्रुवारी

चि. रतन,

निवळण्याची वाट बघू नकोस. लगेच ये.

आई मोरीत पडली. मांडीचं हाड मोडलं आहे. डॉक्टर म्हणतात या वयात ऑपरेशनचा धोका घेऊ नका, झोपवून ठेवा. खाट पुढच्या खोलीत खिडकीशी आणली आहे. दुखतं तेव्हा तुझं नाव घेते. शुद्धीत आहे, सगळं ओळखते, पण खाणं फार कमी झालंय. मी घाबरलो आहे, रतन. भावोजींना काय सांगायचं ते सांग, पण ये.

इकडचं थोडक्यात कळवतो. नऊ तारखेला हॉलवर बाचाबाची झाली. पंढरी आणि आणखी दोघं कुलूप तोडायला आले, ओढाताणीत माझं मनगट मुरगळलं. फोनवर वेडंवाकडंही बोलले. वकिलांनी कोर्टापुढे ठेवलं. कोर्टाचा तात्पुरता हुकूम झाला आहे, की निकाल लागेपर्यंत दोघांपैकी कोणीही अध्यक्ष म्हणून वागायचं नाही. हॉलची किल्ली पोलीस ठाण्यात. आणि मला संरक्षण. बिल्डिंगच्या दाराशी एक हवालदार खुर्ची टाकून बसतो. पोलीस ठाण्यात साहेबांनी विचारलं, तुम्हाला भीती कोणापासून? मी सांगितलं, मांडवकराच्या घरापासून. आणखी काय सांगणार. निदान रात्री झोप लागते.

वकिलांच्या सांगण्यावरून तुमच्याकडचे सगळे नंबर फोनमध्ये बंद केले आहेत, तेव्हा फोन करू नकोस, लागणार नाही. तुझी पत्रं मी वकिलांना दाखवली. घाबरू नकोस, त्यात वावगं काही नाही असं ते म्हणाले. पुढेही जे येईल ते दाखवा, उपयोगी पडेल, असं त्यांचं म्हणणं.

वाट बघतो.

दादा


खोपट
११ मार्च

ती. दादास नमस्कार.

पत्र मिळालं. आईच्या तब्येतीचं वाचून वाईट वाटलं. मला सध्या येणं जमत नाही. सर्दी-ताप आहे, गुडघाही धरला आहे. आजारी माणसाजवळ ताप घेऊन जाऊ नये.

कुरिअरने एक मऊ चादर पाठवत आहे. आईच्या पाठीखाली घालावी. कूस बदलत राहावी, पाठीला जखम होऊ देऊ नये.

बरं वाटलं की कळवीन.

रतन


ठाकुर्ली
१५ मार्च

रतन,

चादर मिळाली.

सर्दी-ताप. पंधरा दिवस सर्दी-ताप. पत्र तुझं होतं पण भाषा मांडवकरांच्या वकिलाची होती. तुला यायचं नव्हतं तर तसं लिहायचं होतंस, मी समजून घेतलं असतं. नवऱ्याच्या शब्दाबाहेर जाता येत नाही असं एका ओळीत लिहिलं असतंस तरी चाललं असतं. गुडघ्याचं कारण आईसाठी पुरेसं नाही.

ती दाराकडे तोंड करून पडते. बेल वाजली की मान उचलते. आज दूधवाला होता.

आईला काय सांगायचं ते मी सांगितलं आहे. आता तुला तसदी देणार नाही.

मारुती


ठाकुर्ली
१० एप्रिल

रतन,

पत्र लिहायचं नाही असं ठरवलं होतं. काल आईचे दिवस झाले, घर रिकामं झालं, आणि लिहायला दुसरं कोणी नाही.

तू स्मशानात आलीस, वहिनीच्या गळ्यात पडून रडलीस, मी तुझ्याशी बोललो नाही. तू बोलायला पुढे आलीस तेव्हा मी लाकडं मोजत असल्याचं सोंग केलं. ते तुला कळलं असेल.

त्या दिवशी काय झालं ते तू उशिरा पोचल्यामुळे पाहिलं नाहीस. निरोप कोणी फिरवायचा? अध्यक्षाने. मी फिरवला असता तर कोर्टाचा हुकूम मोडला असता, वकिलांनी स्पष्ट सांगितलं, एक मेसेजसुद्धा टाकू नका. प्रशांतने आपल्या फोनवर आजीचा फोटो लावला, तेवढ्यावरून ज्यांना कळलं ते आले. पण आले ते स्मशानाच्या फाटकापर्यंत. आत गेलो तर शिगवणांच्या बाजूचे ठरू, असं अर्ध्यांना वाटलं. बाहेर राहिलो तर मांडवकरांचे ठरू, असं उरलेल्यांना वाटलं. पण पहिलं पाऊल कोणी टाकेना, आणि शेवटी सगळेच फाटकाबाहेर दोन टोळक्यांनी उभे राहिले. भावोजीही तिथेच होते, टोपी हातात धरून. मी बघितलं त्यांना.

आईला उचलायला मी, प्रशांत आणि वरच्या मजल्यावरचे धम्मपालराव. तिघंच. गाडीचा ड्रायव्हर चौथा झाला. मी त्याला नावही विचारलं नाही.

बाबांनी ज्यासाठी मंडळ काढलं ते बाबांच्याच बायकोला मिळालं नाही. मी आजवर कोर्टाला दोष देत नव्हतो, भावोजींना देत होतो. आता कोणाला द्यायचा ते समजत नाही.

एकच विचारतो. खरं सांग. मार्चात तू का आली नाहीस?

दादा


खोपट
१८ एप्रिल

ती. दादा,

हे पत्र वकिलाला दाखवायचं असेल तर दाखव. आता कोणाचं काही बिघडायचं राहिलं नाही.

मी आले होते.

तुझं पत्र शनिवारी मिळालं. बुधवारी, पाच मार्चला, मी यांना सांगितलं, गुडघा दाखवायला जाते, आणि थेट ठाकुर्लीला उतरले. तेलाची बाटली, आईला आवडतात ते घावणे डब्यात, मऊ चादर पिशवीत. तुझ्या दाराशी हवालदार बसला होता. तरणा पोरगा, बोलायला वाईट नव्हता. त्याने विचारलं, 'मावशी, कोणाकडे?' मी म्हटलं, शिगवणांकडे, दुसऱ्या मजल्यावर. 'तुम्ही कोण?' मी म्हटलं, मुलगी. नाव सांगा म्हणाला. मी सांगितलं, रतन सहदेव मांडवकर.

त्याने मान हलवली. म्हणाला, 'मावशी, मांडवकरांच्या घरचं कोणी वर सोडायचं नाही. साहेबांची ऑर्डर आहे.'

मी म्हटलं, अरे, वर माझी आई आहे, तिचं हाड मोडलंय. तो म्हणाला, 'मग वरून कोणाला तरी खाली बोलवा, त्यांनी सांगितलं तर सोडतो.' मी तुला फोन लावला, लागला नाही, तूच तर बंद केलेला. वहिनीचा वाजत राहिला, आईचं करत असेल. तू त्या दिवशी कल्याणला कोर्टात होतास, मला नंतर कळलं. मग त्या पोराने वही काढली. म्हणाला, 'तुम्ही आलात अशी नोंद करतो, म्हणजे शिगवणसाहेब आल्यावर त्यांना दाखवता येईल.' तो चांगल्यासाठीच म्हणाला. पण मला पुढचं दिसलं. मांडवकराच्या घरचं माणूस मनाई असताना दाराशी आलं, असं पोलिसाच्या वहीत लागलं असतं. ते तुझ्या वकिलाने कोर्टात लावलं असतं आणि यांच्यावर आलं असतं. आणि यांना मी सांगितलं असतं की मला आईच्या दारातून परत पाठवलं, तर यांनी तुझ्यावर नवीन अर्ज टाकला असता, माझ्या नावाने, माझ्या सहीने. मी त्याला म्हटलं, राहू दे बाळा, नोंद नको, मी परत येईन.

म्हणून तुलाही खरं लिहिलं नाही. तू माझी पत्रं वकिलाला दाखवतोस, तूच लिहिलंस. तुझ्या गळ्यात किंवा यांच्या गळ्यात, कोणाच्या तरी गळ्यात ते पत्र पडलंच असतं. सर्दी-ताप कोणाच्या गळ्यात पडत नाही. कोरडं लिहिलं, कारण मी वकिलाला लिहीत होते, तुला नाही.

गेटबाहेर येऊन मी रस्त्याच्या पलीकडे उभी राहिले. दुसऱ्या मजल्यावरची खिडकी उघडी होती, पडदा हलत होता. खाट खिडकीशी आहे हे तू लिहिलं होतंस. मला हाक मारता आली असती, दादा. 'आई' म्हणून एक हाक. वाण्याच्या दुकानात पाचवण्याची दोन माणसं उभी होती, एक तुझ्याकडचा, एक आमच्याकडचा. त्यांच्यासमोर नको म्हणून गप्प बसले. तिला तशीही ऐकू आली नसती असं मी मनाला सांगते. मग रात्री वाटतं, नको ते तर तिला ऐकू यायचं, मग ही का नसती आली.

घावणे तिथेच कुत्र्याला घातले. चादर घरी आणून कुरिअरने पाठवली. ती तिच्या पाठीखाली होती ना? तेवढं सांग.

तू साहेबांना घर म्हणालास. मला माहीत आहे तू तसं का म्हणालास. आपण तसंच बोलतो. पत्रिका वाटतानाही आपण म्हणतो, मांडवकराच्या घरी दिली, म्हणजे म्हातारीपासून पाळण्यातल्यापर्यंत सगळ्यांना पोचली. तुझ्या मनात पंढरी होता आणि हे होते, मी नव्हते. पण साहेबांना घर म्हणजे घरच कळलं, आणि घरात मी होते.

मी तुझ्यावर चिडून लिहीत नाही. चिडले आहे, पण त्यासाठी लिहीत नाही. तू विचारलंस म्हणून.

रतन


ठाकुर्ली
२४ जून

चि. रतन,

तुझ्या पत्राला उत्तर द्यायला दोन महिने लागले. रोज बसायचो, 'चि. रतन' लिहायचो आणि उठायचो.

चादर तिच्या पाठीखालीच होती. शेवटपर्यंत. तिच्यावरच तिला न्हाऊ घातलं आणि तिच्यासोबतच ती गेली.

मी पोलीस ठाण्यात गेलो होतो. साहेबांना विचारलं, माझ्या बहिणीला कशी अडवली? त्यांनी कागद काढला नाही, आवाज चढवला नाही. म्हणाले, 'काका, तुम्हीच म्हणालात ना, त्या घरापासून भीती आहे? मी परत विचारलं होतं, घरातल्या कोणापासून? तुम्ही म्हणालात, घर म्हणजे घर.' मला आठवलं. मी म्हटलं होतं खरं. त्या वेळी मला वाटलं होतं, यांना आपली पद्धत समजत नाही.

सोमवारी कोर्टाचा निकाल लागला. तुला भावोजींकडून कळला असेलच, पण मी तिथे होतो म्हणून लिहितो. न्यायाधीशबाईंनी वाचून दाखवलं, की मंडळ धर्मादाय आयुक्तांकडे नोंदलेलं आहे, अध्यक्ष कोण हा वाद ठाण्याच्या धर्मादाय कार्यालयापुढे जायला हवा, या कोर्टाला तो ऐकण्याचा अधिकार नाही. दावा परत. तात्पुरता हुकूम रद्द. भावोजींचे वकील पहिल्या तारखेपासून हेच सांगत होते म्हणे. आमचे म्हणत होते, बघू, तोवर हुकूम तर मिळतोय.

म्हणजे किल्ली, कुलूप, हवालदाराची खुर्ची, आईच्या मयताला न फिरलेला निरोप, हे सगळं अशा दाव्यात झालं जो तिथे चालणारच नव्हता. आमचे वकील बाहेर येऊन हसत म्हणाले, काका, काही बिघडलं नाही, आता ठाण्याला लावू. मी त्यांना म्हटलं, मला लावायचं नाही. पोलीस ठाण्यातून किल्ली घेतली आणि पाकिटात घालून भावोजींच्या नावाने पाठवली आहे. माणसं मोजा की घरं मोजा, मी हात वर करायला येणार नाही.

आता जे लिहायचं ते लिहितो. हे लिहिता येईना म्हणूनच दोन महिने गेले.

तुझं सर्दी-तापाचं पत्र आलं त्या संध्याकाळी आईने विचारलं, रतनचं पत्र का रे? काय म्हणते? मी रागात होतो. मी म्हटलं, 'रतन येत नाही म्हणते. तिला आता तिचं घर आहे.' थोड्या वेळाने आई म्हणाली, खिडकी लाव, वारा लागतो. त्यानंतर तिने तुझं नाव घेतलं नाही. मला वाटलं, बरं झालं, त्रास कमी झाला. बेल वाजली की मान उचलायची, तेही बंद झालं. त्यानंतर बारा दिवसांनी ती गेली.

तू दाराशी येऊन गेली होतीस, आणि मी तिला सांगितलं तू येत नाही म्हणालीस. ते मनात घेऊन ती गेली. मी ते तिच्या मनातून काढू शकत नाही. तू आली होतीस हे मला तुझ्या पत्रातून कळलं तेव्हा ती जाऊन तीन आठवडे झाले होते.

मला माफ कर, एवढं म्हणायचीही लाज वाटते. तरी म्हणतो. माफ कर.

तुझा,
दादा


खोपट
५ जुलै

ती. दादा,

तुझं पत्र शिवणक्लासमध्येच उघडलं. बाईंनी पोरींना सुट्टी दिली आणि मला आतल्या खोलीत बसवलं. घरी यायला अंधार पडला.

यांना सगळं सांगितलं. मार्चपासूनचं. ऐकून म्हणाले, 'मला तेव्हाच सांगितलं असतंस तर आपण अर्ज केला असता.' मी त्यांच्याकडे बघत राहिले. मग त्यांचं त्यांनाच कळलं आणि ते उठून गॅलरीत गेले. तुझी किल्ली टेबलावर पडून आहे. अजून तरी त्यांनी तिला हात लावलेला नाही.

आता तुझ्याबद्दल. तू सांगितलं नसतंस तर मी जन्मभर समजले असते की आई माझी वाट बघत गेली. ते दुःख होतं, पण ते मला उचलता येत होतं. तिने वाट बघायचं सोडून दिलं होतं, हे मला उचलता येत नाही. रात्री उठून बसते. तिने खिडकी लावायला सांगितली, तिथपर्यंत येते आणि पुढे जाता येत नाही. कधी वाटतं, तू हे लिहायला नको होतंस. कधी वाटतं, दुसरं कोण सांगणार होतं. तू खोटं ठेवलं नाहीस, एवढं मी मानते.

माफीचं मी मनापासून बघितलं. द्यावी म्हणून बघितलं, दादा, कारण तू एकटा पडलास हे मला दिसतं. पण तुझ्या त्या कोर्टाने इतके महिने चालवून शेवटी सांगितलं ना, की हा अधिकार आमचा नव्हे. मलाही तेच म्हणावं लागतं आहे. मला दारातून परत पाठवलं त्याची माफी माझ्याकडे आहे, ती मी तुला कधीच दिली. आईला जे सांगितलंस त्याची माझ्याकडे नाही. ती तिच्याकडे होती. ती असती तर तिने एका क्षणात दिली असती, वर तुलाच जवळ घेतलं असतं. पण ती नाही, आणि तिच्या वतीने मला देता येत नाही. याच्यावर दुसरं कुठलं कार्यालय नाही जिथे मी तुला पाठवू.

मी पुढच्या रविवारी येते. दुपारची. तिची खाट अजून हलवली नसशील तर तशीच राहू दे. मला तिच्याशेजारी बसून सांगायचं आहे की मी आले होते. ती तिथे नाही हे मला कळतं. तरीही सांगणार आहे.

मी आत असेन तेव्हा तू खोलीत येऊ नकोस. वहिनीलाही सांग. माझं सांगून झालं की मी बाहेर येईन, मग आपण दोघं चहा घेऊ.

तुझी,
रतन